उसावरचा लोकरी मावा

घेवड्याचा वेल आपल्या सगळ्यांच्या ओळखीचा आहे. परसात असतो, कुंपणावर चढतो. एखाद्या वर्षी त्याच्या कोवळ्या शेंड्यावर काळे काळे ठिपके दाटीने बसलेले दिसतात. बोट लावले तर बोट चिकट होते. घरातली जाणती माणसे म्हणतात, "वेलाला मावा लागला." मग चुलीतली राख आणतात आणि वेलावर टाकतात.

असाच मावा करडईवर येतो, ज्वारीवर येतो, कपाशीवर येतो. कुठे काळा, कुठे हिरवा, कुठे पिवळा. रंग निराळे, जाती निराळ्या, पण धंदा एकच. मावा म्हणजे झाडाचा रस पिऊन जगणारा बारीक किडा.

या धड्यात आम्ही एका पांढऱ्या माव्याची हकीगत सांगणार आहोत. २००२ साली तो महाराष्ट्रातल्या उसावर पडला. शेतकऱ्यांच्या तोंडचे पाणी पळाले. लोकांनी पंप पाठीला लावले, औषधावर पैसा ओतला. पण त्या माव्याला आवर घातला तो दुसऱ्याच कोणी. ते कोण, हे पुढे येईल.

धडा सावकाश वाचा. एकाने मोठ्याने वाचावे आणि बाकीच्यांनी ऐकावे, असे केले तरी चालेल.

१. मावा खातो काय?

आपल्या अंगात जसे रक्त खेळते, तसा झाडाच्या अंगात रस खेळतो. हिरवे पान उन्हात झाडाचे अन्न तयार करते. ते अन्न साखरेच्या रूपाने रसात उतरते. रसातून ते मुळापर्यंत जाते, फळापर्यंत जाते. उसात ते कांड्यात साठते. म्हणून ऊस गोड लागतो.

माव्याचे तोंड सुईसारखे असते. पान कुरतडायला त्याला दात नाहीत. तो आपली सुई पानाच्या शिरेत खुपसतो आणि बसल्या जागी रस पितो. एकदा बसला की सहसा हलत नाही.

पण या रसात एक गोम आहे. त्यात साखर फार, आणि अंग वाढायला लागणारा कस थोडा. आपण नुसत्या गुळावर राहिलो तर काय होईल? पोट भरेल, पण अंग धरणार नाही. माव्याचेही तसेच आहे. पुरेसा कस मिळावा म्हणून तो रस पीतच राहतो. जादा साखर त्याच्या अंगातून पातळ थेंबांच्या रूपाने बाहेर पडते. ते थेंब खालच्या पानांवर टपटपतात. यालाच आपण चिकटा म्हणतो.

चिकटा गोड असतो. त्याच्यासाठी मुंग्या येतात. काही जातींच्या माव्यांपाशी तर मुंग्यांचा पहाराच असतो. गोड मिळते म्हणून त्या माव्याची राखण करतात. वेलावर मुंग्यांची रांग चढताना दिसली, तर वर मावा आहे का, ते बघावे.

चिकट्यावर काळी बुरशी वाढते. पानाला काजळ फासल्यासारखे दिसते. काळ्या पानाला ऊन मिळत नाही, आणि ऊन नाही तर अन्न नाही. म्हणजे मावा आपल्याला दोन बाजूंनी नागवतो. तयार झालेले अन्न पिऊन टाकतो, आणि नवे अन्न तयार होऊ देत नाही.

२. आईच्या पोटात लेक, लेकीच्या पोटात नात

माव्याची वीण कशी होते, हे ऐकून तुम्हाला नवल वाटेल.

कोंबडी अंडी घालते. फुलपाखरू अंडी घालते. पण आपल्या शेतातला मावा बहुतेक वेळा अंडी घालत नाही. मादी थेट जिवंत पिल्ले देते. त्यासाठी तिला नराचीही गरज लागत नाही. जन्मणारी सगळी पिल्ले माद्याच असतात. इतकेच नाही, पिल्लू आईच्या पोटात असते तेव्हाच त्या पिल्लाच्या पोटात पुढचे पिल्लू धरू लागलेले असते. आईच्या पोटात लेक, आणि लेकीच्या पोटात नात!

पिल्लू चार वेळा कात टाकते आणि मोठे होते. उसावरच्या माव्याला त्यासाठी फार तर तीन आठवडे लागतात. हवा मानवली तर आठवडाभरातसुद्धा पिल्लू मोठे होते. की ते पिल्ले द्यायला तयार!

चला, आपण हिशोब करून पाहू. समजा, एका मादीने ५० पिल्ले दिली आणि ती सगळी जगली.

पहिली पिढी : ५०
दुसरी पिढी : ५० गुणिले ५०, म्हणजे २,५००
तिसरी पिढी : २,५०० गुणिले ५०, म्हणजे १,२५,०००

एका मादीपासून तिसऱ्या पिढीत सव्वा लाख! आणि हे सगळे पावसाळा संपायच्या आत.

आता तुम्ही विचाराल, "असं असेल, तर सगळी शेतंच्या शेतं माव्यानं भरून का जात नाहीत?" प्रश्न बरोबर आहे. तो ध्यानात ठेवा. या धड्याची किल्ली त्याच प्रश्नात आहे.

पानावर दाटी झाली, किंवा पान वाळू लागले, की काही पिल्लांना पंख फुटतात. पंख फुटलेला मावा फार ताकदीने उडत नाही. पण वारा त्याला उचलून दूर नेतो. जिथे त्याचे झाड भेटेल, तिथे तो नवे बिऱ्हाड थाटतो.

३. ज्याचे त्याचे झाड

"त्याचे झाड" असे आम्ही मुद्दाम म्हटले. पुष्कळ माव्यांचे झाड ठरलेले असते.

भूर्जपत्र हे नाव तुम्ही जुन्या पोथ्यांच्या गोष्टीत ऐकले असेल. भूर्ज हे हिमालयात उंचावर वाढणारे झाड. त्याची साल कागदासारखी पदरापदराने सुटते. कागद नव्हता तेव्हा लोक त्या सालीवर लिहीत. या भूर्जाचे भाऊबंद युरोपात पुष्कळ आहेत. तिकडे त्या झाडाला बर्च म्हणतात. एका जातीच्या बर्चची साल रुपेरी पांढरी असते.

या रुपेरी बर्चवर एक मावा राहतो. हिरव्या रंगाचा, आणि अंगावर निळसर पांढरी मेणाची भुकटी. तो बर्चच्या पानांचा रस पितो. त्याचा चिकटा खाली गळतो. झाडाखाली मोटार उभी केली, तर तिची काच चिकट होऊन जाते. पण हा मावा बर्च सोडून शेजारच्या सफरचंदावर जात नाही. बर्च हेच त्याचे घर आणि बर्च हेच त्याचे ताट.

तिकडे हिवाळ्यात बर्फ पडते. झाडाची पाने गळून जातात. मग मावा जगतो कसा? थंडी येऊ लागली की त्याच्यात नर आणि मादी जन्माला येतात. मादी बर्चच्या डहाळीवर, कळ्यांपाशी, अंडी घालते. मोठा मावा मरून जातो. अंडी तेवढी थंडीत तग धरून राहतात. वसंतात पालवी फुटते, तेव्हा अंड्यांतून मावा बाहेर येतो.

आपल्या उसाच्या मुलखात बर्फ पडत नाही. ऊस बाराही महिने हिरवा. त्यामुळे उसावरच्या पांढऱ्या माव्याला अंड्यांची गरज पडत नाही. त्याच्या माद्या सबंध वर्षभर पिल्ले देत राहतात.

सगळेच मावे असे एका घरचे नसतात. कपाशीवरचा मावा बारा गावचे पाणी पिणारा आहे. तो भेंडीवर जातो, काकडीवर जातो, वांग्यावरही जातो. म्हणून मावा दिसला की आधी विचारावे, हा कोणता मावा? हा माझ्या दुसऱ्या पिकावर जाईल काय? उसावरचा पांढरा मावा काही जातींच्या गवतांवर राहतो, पण तो कपाशीवर किंवा भेंडीवर जात नाही.

४. २००२ सालचे संकट

उसावरचा पांढरा मावा ही काही नवी कीड नव्हती. जावा नावाचे एक बेट आहे. तिथे उसाची मोठी शेती होती. तिथल्या एका शास्त्रज्ञाने १८९७ साली या माव्याची माहिती लिहून ठेवली. आपल्या देशात १९५८ साली पश्चिम बंगालमधून त्याची नोंद झाली. पुढे तो आसाम आणि नागालँडमधल्या उसावरही दिसला. महाराष्ट्राला मात्र त्याची ओळख नव्हती.

२००२ साली जुलै महिन्यात तो सांगली जिल्ह्यात उसावर दिसला. पानाच्या खालच्या अंगाला, मधल्या शिरेच्या दोन्ही बाजूंनी, पांढरी लोकर चिकटवल्यासारखा थर. ही लोकर म्हणजे माव्याच्या अंगातून निघणाऱ्या मेणाचे धागे. लोकरीच्या आत मोहरीच्या दाण्याएवढा मावा. म्हणून त्याचे नाव पडले लोकरी मावा.

सांगलीहून तो सातारा, कोल्हापूर, सोलापूर, पुणे अशा जिल्ह्यांत पसरला. त्याच वर्षी कर्नाटकातही पोचला. वाऱ्याने पंखांचा मावा नेला हे खरे. पण माणसानेही हातभार लावला. उसाचे वाढे आपण जनावरांना घालतो. एका गावचे वाढे गाडीत भरून दुसऱ्या गावाला जातात. वाढ्याबरोबर मावाही गेला. बेण्याबरोबरही गेला.

फडात शिरले की अंगावर पांढरी लव चिकटायची. खालची पाने चिकट्याने चमकायची आणि मग काळी पडायची. पान पिवळे होऊन वाळायचे. उसाची वाढ खुंटायची, वजन घटायचे, साखरेचा उतारा कमी पडायचा.

ऊस म्हणजे वर्षा-दीड वर्षाचे पीक. त्याच्यावर सोसायटीचे कर्ज काढलेले असते. पोरीचे लग्न, पोराची फी, घरावरचे पत्रे, सगळे त्या उसाच्या बिलावर ठरलेले असते. अशा उभ्या पिकावर अनोळखी पांढरी कीड दिसली, तर माणूस घाबरणारच.

त्यात पाऊसही कमी झाला. २००२-०३ च्या हंगामात महाराष्ट्रात जेवढी साखर झाली, तिच्या जवळजवळ निम्मीच २००३-०४ च्या हंगामात झाली. यात दुष्काळाचा वाटा मोठा होता, आणि लोकरी माव्याचाही होता.

५. फवारा उसात कुठवर पोचतो?

कीड आली की औषध मारावे, हा आपला सरावाचा मार्ग. लोकांनी भुकटी धुरळली, फवारे मारले. पण उसात फवारणे म्हणजे काय, ते ज्याने केले त्यालाच ठाऊक.

पहिली अडचण, मोठा ऊस डोक्याच्या वर जातो. आत शिरायला वाट नसते. पाने अंगाला कापतात. वर मारलेले औषध मारणाऱ्याच्याच तोंडावर, डोळ्यांवर येते.

दुसरी अडचण, मावा असतो पानाच्या खाली आणि औषध पडते पानाच्या वर.

तिसरी अडचण, माव्याच्या अंगावर मेणाची लोकर. अळवाच्या पानावर पाणी ठरते काय? तसेच मेणावर पाणी ठरत नाही. औषधाचे पाणी ओघळून जाते.

आणि चौथी अडचण सगळ्यांत मोठी. फवारा मारला की थोडा मावा मरतो, थोडा वाचतो. वाचलेला मावा पुन्हा पिल्ले देऊ लागतो. पण माव्याला खाणारे जे किडे त्या पानावर आलेले असतात, तेही फवाऱ्याने मरतात. त्यांची वीण माव्याइतकी झपाट्याने होत नाही. त्यांना परत यायला वेळ लागतो. तोवर माव्याला रान मोकळे! आठ-पंधरा दिवसांनी पाहावे तर पान पुन्हा पांढरे. मग दुसरा फवारा, मग तिसरा. कीड तिथेच, आणि दुकानदाराची उधारी मात्र वाढत गेलेली.

"शेजाऱ्यानं फवारलं, मग मी काय हात बांधून बसू?" असे एखादा शेतकरी म्हणेल. त्याचे म्हणणे आम्हाला कळते. पीक डोळ्यांदेखत जात असताना गप्प बसणे फार अवघड. पण हात बांधून बसा, असे आमचे सांगणे नाहीच. आधी पान उलटून पाहा, असे आमचे सांगणे आहे. का, ते आता ऐका.

६. माव्याचे वैरी

सगळी शेते माव्याने का भरून जात नाहीत, असा प्रश्न मागे आला होता. त्याचे उत्तर आता देतो. माव्याला खाणारे पुष्कळ आहेत. धान्याच्या मागे उंदीर येतो आणि उंदराच्या मागे मांजर येते. तसे माव्याच्या मागे त्याचे वैरी येतात. माव्याचा वैरी तो आपला मित्र. म्हणून या किड्यांना मित्रकिडे म्हणतात.

लोकरी माव्याचे चार वैरी आपण ओळखून घेऊ.

पहिला वैरी डिफा. हा एक लहानसा पतंग आहे. माव्याला खाते ती त्याची अळी. ती माव्याच्या वस्तीतच राहते. अंगाभोवती रेशमी जाळे विणते आणि जाळ्याच्या आडून माव्याला फस्त करते. पांढऱ्या लोकरीत जाळे आणि आत अळी दिसली, तर ती डिफाची समजावी. अळी दिसली की मारायची, अशी आपल्या हाताला सवय असते. ही अळी मारू नका.

दुसरा वैरी मायक्रोमस. हा तपकिरी रंगाचा बारीक किडा. त्याचे पंख जाळीदार असतात. त्याच्या अळीचा जबडा विळ्यासारखा वाकडा असतो. त्या जबड्यात ती माव्याला धरते आणि शोषून घेते. मोठा झालेला मायक्रोमसही मावाच खातो.

तिसरा वैरी सिरफिड माशी. ही माशी फुलांवर घोंघावते. ती मावा असलेल्या पानावर अंडी घालते. अंड्यांतून निघालेल्या अळ्या मावा खातात.

चौथा वैरी एनकार्शिया. हा टाचणीच्या डोक्याहून लहान. जातीने तो गांधीलमाशीचा भाऊबंद, पण माणसाला चावत नाही. तो माव्याच्या अंगात आपले अंडे घालतो. अंड्यातून निघालेली अळी माव्याला आतून पोखरून खाते.

मावाही काही अगदी गरीब नाही बरं का. लोकरी माव्याच्या नव्या पिल्लांच्या डोक्यावर बारीक शिंगे असतात. वैरी आला की ती पिल्ले त्याला बिलगतात आणि शिंगे खुपसतात. एवढ्याशा पानावर अशी लढाई चाललेली असते, आणि आपल्याला तिचा पत्ताही नसतो.

२००२ नंतर शास्त्रज्ञ उसाच्या फडांतून हिंडले. त्यांनी पाने उलटून पाहिली. जिथे फवारे कमी झाले होते, तिथे डिफा आणि मायक्रोमस आपणहून आलेले दिसले. ते आले, वाढले, आणि मावा उतरणीला लागला. मग शास्त्रज्ञांनी ठरवले, हे किडे आपणच वाढवू आणि जिथे ते नाहीत तिथे नेऊन सोडू.

पुण्याजवळ मांजरी इथे वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट ही उसावर काम करणारी संस्था आहे. तिने हे काम हाती घेतले. कृषी विद्यापीठांनी घेतले. बंगळुरूला केंद्र सरकारची मित्रकिड्यांवर काम करणारी संस्था आहे. तिनेही घेतले. साखर कारखाने आणि शेतकरी कामाला लागले. एनकार्शिया आसामात होता. तो तिथून आणून इकडच्या उसात सोडला.

किडे सोडण्याची रीत सोपी होती. ज्या फडात डिफाच्या अळ्या आणि कोष आहेत, तिथली पाने कापायची. पानाचे लहान तुकडे करायचे. मावा लागलेल्या दुसऱ्या उसाच्या पानाला ते तुकडे टाचायचे. अळी तुकड्यावरून पानावर जाते आणि मावा खाऊ लागते. ज्याला कात्री धरता येते त्याला हे काम जमते. फक्त ओळख हवी. कोणता किडा आपला आणि कोणता परका, हे डोळ्यांना कळले पाहिजे.

पुढच्या काही वर्षांत लोकरी मावा आटोक्यात आला. तो पुरता नाहीसा झाला नाही. दमट, ढगाळ हवेत अजूनही कुठे कुठे तो दिसतो. पण त्याचे वैरीही आता इथेच नांदत आहेत. ते त्याला फार डोके वर काढू देत नाहीत. आपण त्यांना मारले नाही, तर ते आपले काम करतात. त्यांना रोज द्यावा लागत नाही, चहा द्यावा लागत नाही.

७. आपण काय करायचे?

(१) पान उलटून पाहा. पावसाळ्यात आठवड्यातून एकदा फडाच्या चारी बाजूंनी फिरा. खालचे पान चिकट किंवा काळे दिसले, तर त्याच्या वरचे पान उलटा. मावा असेल तर तिथे सापडेल.

(२) सुरुवात असेल तर पाने काढा. मावा दोन-चार ठिकाणीच असेल आणि वैरी एकही दिसत नसेल, तर ती पाने जपून कापा आणि पुरून टाका. पाने झटकत किंवा ओढत नेऊ नका. ती बांधावर फेकू नका.

(३) वैरी मोजा. मावा आहे, पण त्याच्यात जाळी आहेत, अळ्या आहेत, तर फवाऱ्याला हात लावू नका. चार-पाच दिवसांनी पुन्हा पाहा. अळ्या वाढत आहेत की मावा वाढत आहे, ते बघा.

(४) वैरी नसतील तर आणा. डिफाच्या हेक्टरी १,००० अळ्या, किंवा मायक्रोमसच्या हेक्टरी २,५०० अळ्या सोडाव्यात, अशी शिफारस आहे. हेक्टर म्हणजे सुमारे अडीच एकर. कारखान्याच्या शेतकी खात्यात किंवा गावच्या कृषी कर्मचाऱ्याकडे चौकशी करा. मित्रकिडे सोडल्यावर फवारा बंद ठेवा. नाहीतर एका हाताने दिले आणि दुसऱ्या हाताने घेतले, असे होईल.

(५) युरिया आणि पाणी बेताने द्या. फार युरिया दिला की पान लुसलुशीत होते. असे पान माव्याला आवडते. फार पाण्याने फडात दमटपणा वाढतो. तोही त्याला मानवतो.

(६) सऱ्या रुंद ठेवा. लागण पट्टा पद्धतीने केली तर फडात वारा आणि ऊन खेळते. आत शिरून पाहणीही करता येते.

(७) मावा लागलेले वाढे आणि बेणे गावाबाहेर नेऊ नका. बेणे निरोगी फडातलेच घ्या. पाचट जाळू नका. जमिनीला त्याचे खत मिळते, आणि त्याच्याबरोबर मित्रकिडेही जळतात ते वाचतात.

हे काम एकट्याचे नाही. शेजारच्याचा फड आणि आपला फड यांत बांध असतो, पण किड्यांना बांध कळत नाही. एकाने मित्रकिडे सोडले आणि शेजाऱ्याने दुसऱ्या दिवशी फवारा मारला, तर दोघांचेही नुकसान. म्हणून शिवारातल्या लोकांनी पारावर बसून एकदा बोलून घ्यावे.

८. डब्यावरचे वाचा

आम्ही औषधाला सरसकट नावे ठेवत नाही. कधी कधी वैरी वेळेवर येत नाहीत, मावा भराभर पसरतो, आणि जाणकार फवारायला सांगतो. तेव्हा फवारावे लागते. पण औषध हे विष आहे, हे विसरू नये.

२०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा झाली. वीसहून जास्त शेतकरी आणि मजूर दगावले. कपाशी माणसाच्या उंचीची झाली होती आणि फवारा अंगावर येत होता. ऊस तर त्याहून उंच!

आता तुम्हाला वाचता येते. मग दुकानदाराने हातात दिलेला डबा तसाच घेऊन येऊ नका. दुकानात उभे राहूनच त्याच्यावरची अक्षरे वाचा. औषधाचे नाव काय? ते कोणत्या पिकासाठी आहे? किती पाण्यात किती घालायचे? मुदत संपली तर नाही ना? विषबाधा झाली तर काय करायचे?

डब्यावर एक तिरपा चौकोन छापलेला असतो. त्याच्या खालच्या अर्ध्या भागाचा रंग पाहा.

लाल : सर्वांत जास्त विषारी
पिवळा : त्याच्या खालोखाल विषारी
निळा : मध्यम विषारी
हिरवा : त्यातल्या त्यात कमी विषारी

हिरवा रंग म्हणजे निर्धोक, असे समजू नका. तेही विषच आहे. तोंडाला फडके बांधा, हातमोजे घाला, अंगभर कपडे घाला. वाऱ्याच्या तोंडावर उभे राहून फवारू नका. तंबाखू-विडीला हात लावण्याआधी साबणाने हात धुवा. रिकामा डबा घरात पाण्याला वापरू नका. घरच्या बायकांनी फवारणीचे कपडे इतर कपड्यांत मिसळू नयेत, वेगळे धुवावेत.

करून पाहा

तुमच्या गावात ऊस नसेल, तर घेवडा, करडई किंवा ज्वारी घ्या. मावा लागलेले एक पान ओळखून ठेवा. त्याच्या देठाला रंगीत दोरा बांधा. एका वहीत तारीख लिहा. पानावर मावा किती आहे आणि त्याला खाणारे किडे किती दिसतात, ते लिहा. तीन दिवसांनी पुन्हा पाहा आणि पुन्हा लिहा. असे पाच वेळा करा. मग वही वर्गात आणून सगळ्यांना वाचून दाखवा.

विचार करा आणि सांगा

१. माव्याच्या अंगातून चिकटा का गळतो?
२. पान काळे पडल्याने उसाचे नुकसान कसे होते?
३. बर्चवरचा मावा हिवाळ्यात अंडी घालतो. आपल्या उसावरच्या माव्याला अंड्यांची गरज का पडत नाही?
४. एका मादीने ४० पिल्ले दिली आणि प्रत्येक पिल्लाने पुढे ४० पिल्ले दिली, तर दुसऱ्या पिढीत मावा किती होईल?
५. फवारा मारल्यावर काही दिवसांनी मावा पुन्हा का वाढतो?
६. तुमच्या पानावर मावा आहे आणि डिफाच्या अळ्याही आहेत. शेजारी फवारायला निघाला आहे. तुम्ही त्याला काय सांगाल?